शौर्यपट्टा

भोरमध्ये कुंदाताई गुप्त्यांचा राग प्रसिद्ध होता. एसटी स्टँडामागच्या त्यांच्या दोन खोल्यांत टीव्हीवर एखादी ऐतिहासिक मालिका सुरू झाली की खालच्या मजल्यावर लगेच कळायचं, कारण वरून आरडाओरडा ऐकू यायचा, "अरे मेल्यांनो, तीनशे वर्षांपूर्वी नायलॉन कुठल्या बाजारात मिळत होतं?" चोळीच्या पाठीवर चेन दिसली की त्यांच्या अंगाचा तिळपापड व्हायचा. मावळ्याच्या पायात रबरी तळ दिसला की घास घशाखाली उतरायचा नाही. एका सिनेमात पाटलाची बायको कडक इस्त्रीचं लुगडं नेसून शेण काढताना दिसली, तेव्हा त्यांनी थेट दिग्दर्शकाला फोन लावून अर्धा तास झापलं होतं. तो सिनेमा त्यांचा नव्हताच, पण तेवढ्यासाठी गप्प बसायचं हे त्यांच्या रक्तात नव्हतं.

रागवायचा त्यांना हक्कही होता म्हणा. चाळीस वर्षं त्यांनी सिनेमासाठी जुन्या काळचे कपडे केले. वडील भोरच्या कचेरीत अव्वल कारकून. मुलीने पदवी घेऊन बँकेची परीक्षा द्यावी अशी त्यांची फार इच्छा. मुलगी पुण्याला गेली ती नाटकांना कपडे भाड्याने देणाऱ्या एका दुकानात काजं-बटणं करायला लागली. तिथून सिनेमात. पुढे पुढे तर असं झालं की गोष्ट शंभर वर्षांच्या मागची असली की निर्माता आधी घोडेवाल्याला फोन करायचा आणि मग कुंदाताईंना.

त्यांच्या कामाची रीतही त्यांचीच. पुस्तकातलं चित्र बघून त्यांनी कधी कपडा बेतला नाही. भोर-वेल्ह्याच्या गावांतून त्या हिंडायच्या, एखाद्या घरात ट्रंकेच्या तळाशी असलेलं सासूचं लुगडं बाहेर काढायला लावायच्या, त्या घरच्या बाईला ते नेसायला सांगायच्या, आणि मग तेच लुगडं स्वतः नेसून तिच्यासमोर उभ्या राहायच्या. "आता चुका काढा," म्हणायच्या. बायका आधी तोंडाला पदर लावून हसायच्या. मग एक जण हळूच म्हणायची, काष्टा ढिला हाय. दुसरी म्हणायची, वाकून दाखव बरं, म्हंजी कळंल. शेजारणी गोळा व्हायच्या आणि दिवस मावळेपर्यंत शहरातून आलेल्या या बाईच्या नेसण्याची चिरफाड चालायची. भातलावणीला लुगडं किती वर घ्यायचं, ओझं घेऊन चढ चढताना पदर कुठं खोचायचा, हे सगळं त्या अशा शिव्या खात शिकल्या.

चुका काढण्यात सगळ्यांत तिखट म्हणजे पासलीच्या फुलाबाई. त्या आता अडुसष्टच्या. नवरा गेल्याला सहा वर्षं झालेली, थोडं भाताचं रान, दोन म्हशी. अंगाने काटकुळ्या, पण उभ्या राहिल्या की ताठ. त्या आजही रोज नऊवारीच नेसायच्या, घोट्याच्या बऱ्याच वर, चोळीला पुढे गाठ. त्यांनी कुंदाताईंना कधी मॅडम म्हटलं नाही. ताई म्हणायच्या आणि अगंतुगं करायच्या.

म्हणूनच शार्दूलने फुलाबाईंना सिनेमात घेतलं तेव्हा कुंदाताईंना आनंद झाला, आणि आनंद हा प्रकार त्यांना इतका कमी व्हायचा की त्यांनी तो कुणाला सांगितलाही नाही. शार्दूल हा पुण्याचा चौतिशीचा दिग्दर्शक. त्याच्या सिनेमाची गोष्ट गडाखालच्या एका वस्तीची. जखमी जासूद रात्रीचा एका म्हातारीच्या दारात येतो, ती त्याला भाकरी घालते आणि घालता घालता चांगला फैलावर घेते. या म्हातारीसाठी मुंबईची एक नटी ठरली होती. कुंदाताई शार्दूलला एक दिवस पासलीला घेऊन गेल्या, लुगडी दाखवायला म्हणून. फुलाबाईंनी त्याला ताक दिलं आणि एवढा मोठा बाप्या झाला तरी पायातल्या चपला दाराबाहेर काढायच्या कळत नाहीत का म्हणून विचारलं. शार्दूलने मुंबईची नटी तिथल्या तिथे रद्द केली.

कुंदाताईंचा हा शेवटचा सिनेमा होता. डोळ्यांत काचबिंदू उतरला होता, सुईचं नेढं दिसेनासं झालं होतं. चाळीस वर्षांत त्यांनी नटनट्यांना मावळातल्या बायका केलं. पण मावळातली बाई, तिच्या स्वतःच्या लुगड्यात, जशी असते तशी पडद्यावर एकदाही आली नव्हती. एवढं एक व्हावं, मग मशीन विकून टाकलं तरी चालेल, असं त्यांनी मनाशी ठरवलं होतं. फुलाबाईंच्या कपड्यांसाठी त्यांनी कागदावर एकच ओळ लिहिली होती: हात लावू नये.

जानेवारीतला दिवस. भातं निघून महिना झाला होता आणि गुंजवण्याच्या खाचरांत वस्तीचा सेट लागला होता. कुंदाताई भोरहून निघून नसरापूरवरून सेटवर पोचल्या तेव्हा नऊ वाजले होते. कपड्यांच्या तंबूमागे फुलाबाई उभ्या होत्या. चेहरा असा की कुणीतरी दुधात मीठ टाकलंय. त्यांच्या छातीवरून, उजव्या खांद्यापासून डाव्या कमरेपर्यंत, वीतभर रुंदीचा चकचकीत भगवा साटिनचा पट्टा आवळला होता आणि शुभ्रा, म्हणजे कुंदाताईंची सहायक, तोंडात दोन पिना धरून तिसरी टोचत होती.

"हे काय चाललंय?" कुंदाताई म्हणाल्या.

शुभ्राने पिना काढल्या. "ताई, आजींचा शौर्यपट्टा राहिला होता. शार्दूलसरांनी सांगितलंय, वस्तीतल्या सगळ्या बायकांना हवा."

"म्या ह्या पोरीला सांगितलं," फुलाबाई म्हणाल्या, "की आमी असलं कायबी बांधत न्हाई. आमच्या आया बांधत नव्हत्या. तर मला म्हनती, आजी, तुमाला तुमचाच इतिहास ठाव न्हाई."

कुंदाताईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. बोलणाऱ्या पोरीचं वय तेवीस, शिक्षण पुण्याच्या फॅशनच्या कॉलेजात, आणि ती शिकवतेय कुणाला, तर जन्मभर लुगड्याशिवाय दुसरं काही न नेसलेल्या बाईला. त्यांनी शुभ्राला काय काय ऐकवलं ते सगळं इथं लिहिण्यासारखं नाही. पोरीच्या डोळ्यांत पाणी आलं, पण ती म्हणाली तेही खोटं नव्हतं. "ताई, सगळीकडे असंच दाखवतात. माझ्या शाळेच्या गॅदरिंगलाही होता. नेटवर आहे."

होतंच तसं. गेल्या वीस-पंचवीस वर्षांत शौर्यपट्ट्याचं पेवच फुटलं होतं. शाळांच्या गॅदरिंगमध्ये मुली तो बांधून नाचत. जयंतीला मोटरसायकलवरच्या बायकांच्या अंगावर तो, लग्नात नवरी तलवार घेऊन मांडवात येते तेव्हा तिच्या अंगावर तो. पुण्यात दुकानांतून लहान, मध्यम आणि मोठा अशा मापांत पाकिटात मिळायचा. पाकिटावर लिहिलेलं असायचं, मावळच्या रणरागिणींची तीनशे वर्षांची परंपरा.

शार्दूल धावत आला. त्याला कुंदाताईंची भीती वाटायची, पण आज त्याहून मोठी भीती त्याच्या मागून चालत येत होती. तिचं नाव इंद्रजित. कापूरहोळला त्याचं गॅरेज होतं, आणि शूटिंगला माणसं, बैल, बैलगाड्या पुरवायचा त्याचा धंदा होता. या सिनेमाची दोनशे माणसं त्याचीच. शिवाय तो मावळ स्वाभिमान मंचाचा अध्यक्ष होता. मंचात माणसं किती हे कुणी मोजलं नव्हतं, पण गेल्या वर्षी त्यांनी एक शूटिंग दोन दिवस बंद पाडलं होतं आणि तेवढं निर्मात्यांना पुरे होतं.

"ताई, तेवढा पट्टा राहू द्या," शार्दूल म्हणाला. "इंद्रजितभाऊंचं म्हणणं आहे की पट्टा नसेल तर तो मावळच्या स्त्रियांचा अपमान होईल. निर्मात्यांचा सकाळीच फोन येऊन गेला."

"मावळची स्त्री ही समोर उभी आहे," कुंदाताई म्हणाल्या. "तिला विचार अपमान कशाने होतोय ते."

इंद्रजितने वाकून त्यांच्या पायांना हात लावला. हे त्यांना अपेक्षित नव्हतं. "मॅडम, तुम्ही असं बोलायचं व्हय? अहो, हा पट्टा जगासमोर आणला तो तुम्ही. तुमचा सिनेमा बघितला तवा मी सातवीत होतो. थेटरात आमच्या आईच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. आम्ही तुमचे उपकार मानतो."

आणि इथं कुंदाताईंनी नजर चुकवली.

आता एक गोष्ट सांगायलाच हवी, आणि ती सांगताना कुंदाताईंची बाजू घेण्यात काही अर्थ नाही. शौर्यपट्टा त्यांनीच काढला होता. एकोणतीस वर्षांपूर्वी, पासलीच्या वरच्या माळावर, एका सकाळी, कात्रीने.

तो त्यांचा स्वतःच्या नावावरचा पहिला सिनेमा. चाळीस बायका गडावर दगड वाहून नेतायत असा प्रसंग होता. बायका पासलीच्याच, पण घरून आल्या त्या टेरिकॉटच्या झंपरांत. म्हणून पुण्याहून चोळ्या मागवलेल्या. त्या आल्या आणि कुंदाताई गठ्ठा सोडून बघतात तर प्रत्येक चोळीवर छापील गुलाब, एकेक बशीएवढा. शिंप्याने गाऊनचं कापड वापरलं होतं. ऊन चढत चाललं होतं, दिग्दर्शक शिव्या देत होता, जवळपास कापडाचं दुकान नव्हतं. जेवणासाठी मंडपवाल्याने तंबू मारला होता, त्याच्या बाजूला भगव्या कापडाचा एक तागा पडलेला. कुंदाताईंनी तो फाडला, पट्ट्या केल्या आणि बायकांच्या अंगावर तिरक्या आवळल्या. एका बाजूचे गुलाब पदराखाली गेले, दुसऱ्या बाजूचे पट्टीखाली. पडद्यावर ते फार सुंदर दिसलं. चाळीस भगव्या रेघा काळ्या कड्यावरून वर चाललेल्या. सिनेमा सहा महिने चालला आणि कुंदाताईंना पुरस्कार मिळाला. पुरस्काराच्या कागदावर लिहिलं होतं, सखोल संशोधनाबद्दल.

खरं सांगायला एक मिनिट लागलं असतं. पण नाव नुकतं झालं होतं. ते एक मिनिट पुढच्या वर्षावर गेलं, मग त्याच्या पुढच्या. दरम्यान पट्ट्याला कुणीतरी नाव दिलं, कुणी त्यावर लेख लिहिला, कुणी गाणं केलं. एकदा भोरमध्ये मंचानेच त्यांचा सत्कार केला आणि सत्कारात त्यांच्याच अंगावर तो पट्टा बांधला. कुंदाताई नारळ हातात धरून उभ्या राहिल्या. साऱ्या जगाच्या चेन आणि बटणांवरून नाकाने कांदे सोलणारी ही बाई या एका गोष्टीवर एकोणतीस वर्षं तोंडाला कुलूप लावून बसली होती. टीव्हीवर पट्टा दिसला की त्या चहा करायला उठायच्या.

आज उठून जायला जागा नव्हती. फुलाबाई त्यांच्याकडे बघत होत्या. पट्टा राहिला तर शेवटच्या सिनेमातली शेवटची मावळची बाईसुद्धा मंडपाच्या कापडात जाणार, तेही कुंदाताईंच्या देखत.

"इंद्रजित," त्या म्हणाल्या, "तो पट्टा खोटा आहे. मी केलाय तो. चोळ्यांवर गुलाब छापलेले होते, ते झाकायला मी मंडपवाल्याचं कापड फाडून बांधलं. तीनशे वर्षं नाहीत की काही नाही. एकोणतीस."

सेटवरची माणसं जमायला लागली होती. कुणीतरी हसलं. इंद्रजितही आधी हसला, मग त्याचा चेहरा बदलला.

"मॅडम, मस्करी बास."

"मस्करी नाही."

"आमच्या पोरी ह्यो पट्टा बांधून शपथा घेतात. आन् तुम्ही म्हणताय मंडपाचं कापड?" त्याचा आवाज चढला. "तुम्हाला कुणी काय दिलं असं बोलायला?"

"मला कोण काय देणार? मी केलेली चूक मी सांगतेय."

इंद्रजितने मोबाईल काढला. बोटाने वर-खाली करत त्याने एक फोटो शोधला. जुन्या वर्तमानपत्राचं कात्रण होतं, पिवळं पडलेलं. "हे वाचू का? पुरस्कार मिळाला तवाची तुमची मुलाखत. मंचाच्या ऑफिसात फ्रेम करून लावलीय आम्ही." आणि त्याने सगळ्यांना ऐकू जाईल असं वाचलं. "'या पट्ट्याची कल्पना तुम्हाला कशी सुचली?' 'ती माझी कल्पना नाही. पासलीच्या जुन्या बायकांनी मला हे सांगितलं. त्यांच्या आज्या असा पट्टा बांधायच्या.' कोण बोललं हे, मॅडम? मी?"

कुंदाताईंना ती मुलाखत आठवत होती. पत्रकार मुलगा घाईत होता, त्याने विचारलं आणि त्यांच्या तोंडून निघून गेलं. आपली कल्पना म्हणावं तर संशोधन खोटं ठरत होतं, आणि मंडपाचं कापड म्हणावं तर पुरस्कार. म्हाताऱ्या बायकांवर ढकललं की प्रश्न मिटत होता. पासलीच्या म्हाताऱ्या काही वर्तमानपत्र वाचत नव्हत्या.

"ते मी खोटं बोलले होते," त्या म्हणाल्या.

"तवा खोटं बोललात की आता बोलताय?" इंद्रजितने गर्दीकडे बघून विचारलं, आणि गर्दीला ते पटलं. शार्दूलच्या तोंडचं पाणी पळालं होतं. तो कुंदाताईंच्या कानाशी येऊन म्हणाला, "ताई, प्लीज, विषय संपवा. माफी मागून टाका, गैरसमज झाला म्हणा." माफी. खरं बोलल्याची. कुंदाताईंना वाटलं, चाळीस वर्षांत आपण जेवढं रागावलो ते सगळं वाया घालवलं, खरा राग आजच्यासाठी शिल्लक ठेवायला हवा होता.

"साक्षीदार आहे माझ्याकडे," त्या ओरडल्या. "ही बाई त्या चाळीस जणींत होती. मी माझ्या हाताने हिला पट्टी बांधलीय. फुलाबाई, सांगा ह्यांना."

सगळे फुलाबाईंकडे वळले. फुलाबाईंनी खांद्यावरची पिन चाचपून काढली आणि शुभ्राच्या हातात दिली. पट्टा सैल झाला.

"व्हय, म्या व्हते," त्या म्हणाल्या. "मंडपाचंच कापड व्हतं. ताईनं कातरलं. आमी समद्या वळीनं हुब्या, आन् ही आवळत चालली."

"झालं?" कुंदाताई इंद्रजितला म्हणाल्या.

"झालं न्हाई आजून," फुलाबाई म्हणाल्या. "माजं शेंडेफळ, सोमनाथ, तवा चार म्हयन्यांचं. काखंला व्हतं. म्या हिला म्हनलं, ताई, ह्ये आमचं न्हाई, आमी असलं बांधत न्हाई. आन् ह्ये अंगावर आसं आवळलं तर पोराला पाजायचं कसं? कुनी लेकुरवाळी बाई असलं बांधंल व्हय? तर ही काय म्हनली ठाव हाय?" त्यांनी कुंदाताईंकडे बोट केलं नाही, नुसतं बघितलं. "म्हनली, फुलाबाई, तुम्हाला त्यातलं काय कळतं. सिनेमात असंच लागतं. उभ्या राहा नीट."

शुभ्राने मान वर केली. कुंदाताईंनी तिच्याकडे बघायचं टाळलं. त्यांना हे आठवत नव्हतं. गुलाब आठवत होते, कात्री आठवत होती, दिग्दर्शकाच्या शिव्या आठवत होत्या. हे वाक्य मात्र कुठं नव्हतं, आणि तरी ते आपलंच आहे हे त्यांना ऐकताक्षणी कळलं. सकाळी शुभ्राला ज्यासाठी रडवलं ते याहून फार वेगळं नव्हतं.

"दिसभर पोर रडलं," फुलाबाई म्हणाल्या. "तुमच्या त्या सिनेमात बी आवाज आसंल त्येचा."

मग इंद्रजितच बोलला, आणि मवाळ आवाजात बोलला, म्हणून कुंदाताईंना जास्त चीड आली. "आजी, तुमचं वय झालं. इतक्या वर्षांचं कुणाला आठवतं? आणि एका वस्तीत नसंल पद्धत, म्हणून काय अख्ख्या मावळात नव्हती असं होत न्हाई. लोकांची श्रद्धा आहे ती आहे." गर्दीतल्या पाच-सहा जणांनी माना हलवल्या. शार्दूलने घड्याळ बघितलं. तो म्हणाला, वाद वाढवण्यात अर्थ नाही, पट्टा ठेवायचा. आजींना तो नकोच असेल तर त्यांचा प्रसंग दुसऱ्या कुणाकडून करून घेऊ, त्यांना आजचा पूर्ण मोबदला मिळेल. एवढ्या सभ्यपणे तो बोलला की त्याच्या थोबाडीत मारावी असं कुंदाताईंना वाटलं.

"मग माझं नाव काढ," त्या म्हणाल्या. "पडद्यावरच्या नामावलीत कुंदा गुप्ते हे नाव दिसता कामा नये. ज्या सिनेमात मावळच्या बाईला मावळची बाई म्हणून उभं करत नाहीत त्यात माझं नाव नको. मी चालले घरी."

हे बोलल्यावर त्यांना बरं वाटलं. चाळीस वर्षांत असं तडकून निघून जायची संधी त्यांना कधी मिळाली नव्हती. त्यांनी पिशवी उचलली.

"ठेव ती खाली," फुलाबाई म्हणाल्या.

कुंदाताई थांबल्या.

"नाव कशापायी काढतीस? तू नाव काढून भोरला जाशील, पंख्याखाली बसशील. मंग ह्यो पट्टा कुनाचा? आमचाच की. हितं त्या पेपरात लिवलंयच, पासलीच्या म्हाताऱ्यांनी सांगितलं म्हनून. उद्या माजी नात शाळंत जाईल, तिला मास्तर सांगंल, तुजी आजी बांधायची. एकडाव आमच्या नावावर खपवलंस, तेवढं बास झालं. तुजी चूक हाय, तुज्या नावावरच ऱ्हाऊ दे. मोठ्या अक्षरांत ऱ्हाऊ दे."

कुंदाताईंना राग आला, पण तो राग आता बाहेर कुणावर काढण्यासारखा नव्हता. मग त्यांनी पिशवी खाली ठेवली आणि तंबूत जाऊन कपड्यांच्या चारही पेट्यांना कुलपं घातली. पेट्या त्यांच्या मालकीच्या होत्या आणि दोनशे माणसांचे पुढच्या पंधरा दिवसांचे कपडे त्यांत होते. किल्ल्या त्यांनी कमरेला खोचल्या.

"शार्दूल, नाव राहू दे," त्या बाहेर येऊन म्हणाल्या. "फक्त त्याखाली एक मजकूर यायला हवा. तो आत्ता लिहून तू आणि निर्मात्याने सही केलीत की पेट्या उघडतील. पट्टा दाखवायचा तर दाखव, पण मजकुरासकट. तो नको असेल तर पट्टाही नको आणि फुलाबाईंचा प्रसंग ठरला तसा होईल. दोन्हींतलं काय हवं ते इंद्रजितला विचारून सांग."

इंद्रजित म्हणाला, असलं काही पडद्यावर आलं तर थेटरं बंद पाडू. कुंदाताई म्हणाल्या, पाडा. शार्दूल डोक्याला हात लावून खाचराच्या बांधावर बसला आणि निर्मात्याला फोन लावू लागला. त्याचा फोन लागेपर्यंत काहीच ठरणार नव्हतं.

"शुभ्रा, वही घे," कुंदाताई म्हणाल्या, आणि सकाळपासून पहिल्यांदा त्यांचा आवाज खाली होता. "लिही. या चित्रपटातील शौर्यपट्टा ऐतिहासिक नाही. तो कुंदा गुप्ते यांनी एकोणतीस वर्षांपूर्वी मंडपाच्या कापडातून केला आणि त्याबद्दल खोटं सांगितलं. पासलीच्या बायकांनी असा पट्टा कधी बांधला नाही, आणि त्यांनी तेव्हाच नको म्हणून सांगितलं होतं."

शुभ्रा लिहिता लिहिता थांबली. "ताई, खोटं सांगितलं, हेही लिहू?"

"ते आधी लिही."

फुलाबाईंनी पट्टा डोक्यावरून काढला, घडी केली आणि पेटीवर ठेवला. पदर सारखा करून त्या शुभ्राजवळ येऊन उभ्या राहिल्या. त्यांना वाचता येत नव्हतं. "काय लिवलंस त्ये वाच," त्या म्हणाल्या. शुभ्राने वाचून दाखवलं. फुलाबाईंनी शेवटचं वाक्य पुन्हा वाचायला लावलं आणि नकारार्थी मान हलवली.

"बायकांनी न्हाई," त्या म्हणाल्या. "बाकीच्या भ्याल्या व्हत्या, गप हुब्या ऱ्हायल्या. म्या सांगितलं व्हतं. तितं माजं नाव लिव्ह. फुलाबाई गेनू रेणुसे."

शुभ्राने कुंदाताईंकडे बघितलं.

"माझ्याकडे काय बघतेस," कुंदाताई म्हणाल्या. "खोड ते, आणि त्या सांगतात तसं लिही."